सावित्री : तेलुगू आणि तमिळ पडद्यावरची ‘महानटी’ – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

२०१८ मध्ये ‘महानटी’ हा चरित्रपट आला आणि दाक्षिणात्य चित्रपटांच्या जुन्या काळाशी फारशी ओळख नसलेले अनेक मराठी प्रेक्षक सावित्रीविषयी विचारू लागले. बहुतेकांचा अनुभव सारखाच असतो. कथा हिंदीतून ठाऊक असते, गाण्याची चालही कुठेतरी ऐकलेली असते, मात्र मूळ चित्रपटातला चेहरा पाहिलेला नसतो. पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न येथे एकत्र केले आहेत. एखाद्या मुद्द्याचे उत्तर दुसरीकडे सविस्तर दिले असेल, तर तेथे त्या प्रश्नाचा क्रमांक नोंदवला आहे.

१. सावित्री म्हणजे नेमकी कोण?

सावित्री ही १९५० आणि १९६० या दोन दशकांत तेलुगू आणि तमिळ या दोन्ही भाषांमध्ये अग्रस्थानी राहिलेली अभिनेत्री होय. तेलुगू प्रेक्षक तिला ‘महानटी’ म्हणतात, तर तमिळ प्रेक्षक ‘नडिगैयर तिलगम’, म्हणजे अभिनेत्रींमधला तिलक. तमिळमध्ये शिवाजी गणेशन याला ‘नडिगर तिलगम’ ही पदवी होती आणि सावित्रीची पदवी उघडच त्याच्या जोडीची आहे. एका तेलुगू मुलीला तमिळ प्रेक्षकांनी त्या नटाच्या बरोबरीने बसवले, यावरून तिच्या स्थानाची कल्पना येते. तेलुगूत एन. टी. रामाराव आणि अक्किनेनी नागेश्वरराव, तमिळमध्ये शिवाजी गणेशन आणि जेमिनी गणेशन अशा चारही आघाडीच्या नायकांबरोबर ती सातत्याने काम करत होती. एम. जी. रामचंद्रन याच्याबरोबरचे तिचे चित्रपट मात्र मोजकेच आहेत : ‘महादेवी’ (१९५७), ‘परिसु’ (१९६३) आणि ‘वेट्टैक्कारन’ (१९६४).

२. ती मूळची कुठली आणि सिनेमात कशी आली?

तिचा जन्म आंध्रातील गुंटूर जिल्ह्यातल्या चिर्रावूरु या गावी झाला. वडील ती लहान असतानाच वारले. त्यानंतर आई आणि काका या दोघांच्या आधाराने ती विजयवाड्यात वाढली. तेथेच ती नृत्य शिकली आणि नाटकमंडळ्यांतून रंगभूमीवर उभी राहू लागली. एका नाट्यस्पर्धेत पृथ्वीराज कपूर यांच्या हस्ते तिचा गौरव झाला होता. काकांनी तिला मद्रासला नेले, कारण त्या काळी तेलुगू चित्रपटांचे सारे बस्तान मद्रासमध्येच होते. हैदराबाद हे तेलुगू चित्रपटांचे केंद्र पुढे झाले. ही गोष्ट ध्यानात ठेवली, तर तिच्या दुहेरी यशाचे कारणही समजते (पाहा प्रश्न ५).

३. पहिल्याच चित्रपटातून तिला काढून टाकले होते, हे खरे आहे का?

होय. ‘संसारम’ (१९५०) या चित्रपटात तिला मोठी भूमिका देऊ केली होती. तिच्यासमोर नागेश्वरराव होता. त्याचे चित्रपट पाहतच ती मोठी झाली होती, आणि प्रत्यक्ष समोर आल्यावर तिला संवाद म्हणणे जमेना. वारंवार चित्रण करूनही दृश्य उतरेना, म्हणून भूमिका दुसरीकडे गेली आणि तिच्या वाट्याला चित्रपटातले एक किरकोळ काम आले. पुढच्याच वर्षी ‘पाताळ भैरवी’त ती एका नृत्यापुरती दिसली.

‘संसारम’चे दिग्दर्शक एल. व्ही. प्रसाद होते. त्यांनी स्वतःची कारकीर्द मुंबईत सुरू केली होती आणि ‘आलम आरा’त (१९३१) छोटे कामही केले होते. तिला वगळणाऱ्या याच दिग्दर्शकांनी १९५२ मध्ये ‘पेळ्ळि चेसि चूडु’ या चित्रपटात तिला दुय्यम नायिकेचे काम दिले आणि १९५५ मध्ये ‘मिस्सम्मा’ची मुख्य भूमिका दिली. नवख्या कलावंताला एकदा नापास केल्यावर त्याच्याकडे परत वळून पाहणारे दिग्दर्शक फार नसतात. सावित्रीचे श्रेय वाटताना प्रसाद यांच्या या चिकाटीकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही.

४. ती ‘स्टार’ नक्की कोणत्या चित्रपटाने झाली : ‘देवदासु’ की ‘मिस्सम्मा’?

दोन्ही उत्तरे दिली जातात आणि दोन्हींना आधार आहे. ‘देवदासु’ने (१९५३) ती अभिनेत्री म्हणून मान्य झाली. वेदांतम राघवय्या यांच्या या चित्रपटात नागेश्वरराव देवदास होता आणि सावित्री पार्वती. शोकांतिकेचा सगळा भर नायकाच्या दारूवर आणि खोकल्यावर असताना, पार्वतीचा ताठा आणि तिचे मुकाट्याने सोसणे प्रेक्षकांच्या लक्षात राहिले.

तरीही आमच्या मते खरा टप्पा ‘मिस्सम्मा’चा आहे. विजया प्रॉडक्शन्सच्या या चित्रपटासाठी भानुमती या त्या वेळच्या फार मोठ्या आणि करारी नायिकेची निवड झाली होती आणि तिचे काही चित्रणही झाले होते. वरलक्ष्मी व्रताच्या पूजेमुळे ती एके दिवशी उशिरा पोहोचली, त्यावरून निर्माते चक्रपाणी यांच्याशी तिचे बिनसले आणि ती चित्रपटातून बाहेर पडली. दुय्यम भूमिकेसाठी घेतलेल्या सावित्रीला वर सरकवण्यात आले आणि तिच्या जागी जमुना आली. भूमिका मेरी नावाच्या ख्रिस्ती तरुणीची होती. शाळेत जोडप्यालाच नोकरी मिळणार असते, म्हणून मेरी एका अनोळखी हिंदू तरुणाची पत्नी असल्याचे सोंग घेते आणि त्या सोंगाचा तिला क्षणोक्षणी तिटकारा येत राहतो. रडक्या नायिकांच्या त्या काळात सावित्रीने चिडखोर, फटकळ, हसू ओठांवर येऊ न देणारी मुलगी रंगवली आणि प्रेक्षक तिच्या प्रेमात पडले. हा विनोदी चित्रपट आहे आणि त्यातले बरेचसे हशे तिच्या रागावर मिळतात.

५. एकाच नावाचे तिचे चित्रपट तेलुगूत आणि तमिळमध्येही दिसतात. ते डब केलेले आहेत का?

काही असतील, परंतु तिचे महत्त्वाचे जोडचित्रपट डब केलेले नाहीत. मद्रासच्या स्टुडिओंमध्ये त्या काळी एकाच कथेच्या दोन आवृत्त्या एकदमच चित्रित करण्याची पद्धत होती. वडपळनी येथील वाहिनी स्टुडिओत एक वाडा उभारला की त्याच वाड्यात, त्याच प्रकाशयोजनेत, एकच प्रसंग एकदा तेलुगूत आणि एकदा तमिळमध्ये होत असे. गाण्यांची चाल बहुधा तीच राही आणि शब्द बदलत. नेपथ्याचा आणि वेशभूषेचा खर्च एकदाच होई, आणि बाजारपेठा मात्र दोन मिळत.

या पद्धतीत नट बदलले जात. ‘मिस्सम्मा’त तेलुगू नायक एन. टी. रामाराव होता, तर तमिळ ‘मिस्सियम्मा’त जेमिनी गणेशन. ‘मायाबझार’मध्ये (१९५७) अभिमन्यू तेलुगूत नागेश्वररावने केला आणि तमिळमध्ये जेमिनीने. सावित्री दोन्हीकडे तीच राहिली. त्यामुळे एका भाषेत नाव कमावून मग दुसऱ्या भाषेत नशीब आजमावायला जाणे, असा क्रम तिच्या बाबतीत लागत नाही. तमिळ ही तिची मातृभाषा नव्हती, ती तिने शिकून घेतली. एकाच दिवशी एकच प्रसंग दोन भाषांत, दोन वेगळ्या नायकांच्या दोन वेगळ्या लयींशी जुळवून घेत वठवणे ही तिची खरी शाळा ठरली, असे आम्हांला वाटते. ज्यांना दोन्ही आवृत्त्या मिळतील त्यांनी एखादा प्रसंग पाठोपाठ पाहावा. रामारावच्या समोरची तिची धुसफूस अधिक खणखणीत आहे, जेमिनीच्या समोरची जरा मवाळ.

६. ‘मायाबझार’मध्ये तिची भूमिका इतकी का वाखाणली जाते? कथा तर घटोत्कचाची आहे.

कथा मराठी वाचकांना वत्सलाहरण म्हणून परिचित आहे. बलरामाची मुलगी अभिमन्यूला द्यायची ठरलेली असते, पांडवांचे वाईट दिवस आल्यावर तिचे लग्न दुर्योधनाच्या मुलाशी जुळवले जाते, आणि घटोत्कच मायेने तिचे रूप घेऊन त्या लग्नाचा पार विचका करतो. तेलुगू आवृत्तीत या मुलीचे नाव शशिरेखा आहे. तमिळ आवृत्तीत ते आपल्यासारखेच वत्सला आहे.

दिग्दर्शक के. व्ही. रेड्डी यांनी घटोत्कचासाठी एस. व्ही. रंगाराव हा भारदस्त नट घेतला होता. उत्तरार्धात मात्र घटोत्कच शशिरेखेच्या रूपात वावरतो, म्हणजे तेथे घटोत्कचाचे काम सावित्रीलाच करायचे होते. रंगारावची छाती काढून चालण्याची ढब, भुवया उडवण्याची लकब आणि त्याचा राक्षसी आनंद तिने उचलला आणि लग्नाच्या साजात, नाजूक अंगाने तो करून दाखवला. ‘अहा ना पेळ्ळंट’ या गाण्यात लाजरी नवरी मुरका मारता मारता मध्येच राक्षस होते, आवाज पुरुषी होतो, पावले आपटू लागतात, आणि कोणी आले की पुन्हा पापण्या खाली झुकतात. पुरुषाने बाईचे सोंग घेणे आपल्या रंगभूमीला नवे नाही. येथे एक बाई, बाईचे सोंग घेतलेल्या पुरुषाचे सोंग घेते आहे, आणि प्रेक्षकाला एका क्षणासाठीही गोंधळ होत नाही. त्याच चित्रपटात ‘प्रियदर्शिनी’ नावाची पेटी आहे. ती उघडणाऱ्याला आपली सर्वांत प्रिय वस्तू आत दिसते. शशिरेखा ती उघडते तेव्हा तिच्या चेहऱ्यावर उमटत जाणारी ओळख आणि नंतरच्या पावले आपटणाऱ्या नवरीचा धिंगाणा एकाच अभिनेत्रीचे आहेत, हे मुद्दाम आठवावे लागते.

७. तमिळ प्रेक्षकांनी तिला आपले कधी मानले?

‘मिस्सियम्मा’ आणि ‘मायाबझार’ यांनी दार उघडले होते (पाहा प्रश्न ५). मात्र ते चित्रपट दोन्ही भाषांचे होते. केवळ तमिळसाठी लिहिलेल्या भूमिकांमध्ये ‘कळत्तूर कण्णम्मा’ (१९६०) आणि ‘पासमलर’ (१९६१) या दोघांना मोठे स्थान आहे. पहिल्यात बालकलाकार म्हणून कमल हासनचे पदार्पण झाले. दुसरा चित्रपट, ए. भीमसिंग यांचा ‘पासमलर’, भावाबहिणीच्या मायेचा तमिळमधला मानदंड मानला जातो आणि आजही त्या नात्याविषयी बोलताना त्याचे नाव घेतले जाते.

त्यात शिवाजी गणेशन भाऊ आहे आणि सावित्री बहीण. घराण्यात फूट पडल्यावर दोघे आपापल्या तान्ह्या लेकरांना घेऊन वेगवेगळ्या ठिकाणी एकच अंगाई गातात आणि अंगाईच्या निमित्ताने एकमेकांची आठवण काढतात. शिवाजीचा अभिनय नेहमीच भरदार, रंगभूमीच्या वळणाचा. त्याच्यासमोर इतर नट बहुधा आवाज चढवत. सावित्री उलट आवाज खाली आणते आणि काम डोळ्यांवर सोपवते, त्यामुळे दृश्याचा तोल तिच्याकडे झुकतो. ‘नवरात्री’त (१९६४) हेच अधिक स्पष्ट दिसते. शिवाजीचा तो शंभरावा चित्रपट आणि त्यात त्याच्या नऊ भूमिका. घरातून पळालेल्या तरुणीला नऊ रात्री नऊ पुरुष भेटतात आणि तो प्रत्येक पुरुष एकेका रसाचा प्रतिनिधी असतो. जाहिरात नऊ भूमिकांची झाली. त्या नऊ जणांना उत्तर देणारी एकच स्त्री आहे, वेड्याचे सोंग घेण्यापासून तेरुक्कूत्तु या लोकनाट्यात उभे राहण्यापर्यंत तिला सर्व काही करावे लागते, आणि चित्रपट तिच्या आधारावरच एकसंध राहतो.

८. शिवाजी गणेशन आणि जेमिनी गणेशन हे भाऊ होते का? सावित्रीचा पती कोणता?

दोघांचे नाते नव्हते. जेमिनी गणेशनला हे नाव जेमिनी स्टुडिओतल्या नोकरीमुळे मिळाले. शिवाजी गणेशनचे नाव मात्र थेट आपल्याकडे येऊन पोहोचते. सी. एन. अण्णादुराई यांच्या नाटकात त्याने छत्रपती शिवाजी महाराजांची भूमिका केली आणि ती पाहून पेरियार यांनी त्याला ‘शिवाजी’ म्हटले, ते नाव कायमचे झाले. सावित्रीचा पती जेमिनी गणेशन. ‘पासमलर’मध्येही एक गणेशन भाऊ आणि दुसरा नवरा आहे, त्यामुळे हा गोंधळ होणे स्वाभाविक आहे.

९. लग्न गुप्त का ठेवले होते?

जेमिनी गणेशन आधीच विवाहित होता. अभिनेत्री पुष्पवल्लीशीही त्याचे संबंध होते, आणि हिंदी चित्रपटांतील रेखा ही त्यांची मुलगी. सावित्रीशी त्याने १९५२ मध्ये विवाह केला आणि तो काही वर्षे जाहीर झाला नाही. लक्स साबणाच्या जाहिरातीवर तिने ‘सावित्री गणेश’ अशी सही केली, तेव्हा गोष्ट उघड झाली. दोघांना एक मुलगी आणि एक मुलगा झाला. या संसाराविषयी वाचकांचे कुतूहल फार असते. आम्ही मात्र तिच्या कामाशी संबंध येतो तेवढ्यापुरतेच त्यात शिरतो (पाहा प्रश्न ११).

१०. ती हिंदीत का चमकली नाही?

तिने हिंदीत मोजकी कामे केली. ‘गंगा की लहरें’ (१९६४) हे त्यांतले एक. त्याहून उद्बोधक गोष्ट अशी की तिच्या भूमिका हिंदीत आल्या, ती आली नाही. ‘मिस्सम्मा’ची ‘मिस मेरी’ (१९५७) झाली आणि मेरी मीनाकुमारीने केली. ‘कळत्तूर कण्णम्मा’चा ‘मैं चुप रहूंगी’ (१९६२) झाला, तेथेही मीनाकुमारीच होती. ‘पासमलर’वरून आलेल्या ‘राखी’त (१९६२) वहीदा रहमान होती, ‘नवरात्री’वरून आलेल्या ‘नया दिन नई रात’मध्ये (१९७४) जया भादुरी. ‘मूग मनसुलु’ (१९६४) या गोदावरीकाठच्या नावाड्याच्या कथेचा ‘मिलन’ (१९६७) झाला आणि सावित्रीच्या जागी आपली नूतन आली. ‘सावन का महीना’ ऐकताना मूळ नायिका सावित्री होती, हे ठाऊक असणारे मराठी रसिक थोडेच.

वैजयंतीमाला किंवा वहीदा रहमान यांनी मुंबईला घर केले. सावित्रीला मद्रासमध्येच दोन भाषांचे काम होते. शिवाय मुंबईत तिसऱ्या भाषेचे उच्चार पुन्हा पहिल्यापासून घोटावे लागले असते, आणि तिच्या अभिनयाचा मोठा भाग बोलण्याच्या ठसक्यात होता.

११. तिने दिग्दर्शनही केले होते ना? मग उतार कशामुळे लागला?

केले होते. ‘चिन्नारि पापलु’ (१९६८) हा तिचा पहिला दिग्दर्शित चित्रपट. त्याची विशेष बाब म्हणजे दिग्दर्शनापासून संगीतापर्यंतची मुख्य खाती स्त्रियांकडे होती. संगीत पी. लीला या गायिकेने दिले, जिचा आवाज ‘मिस्सम्मा’त सावित्रीसाठी वापरला होता. त्याच कथेवर तिने तमिळमध्ये ‘कुळंदै उळ्ळम’ (१९६९) केला. १९७१ मध्ये ‘मूग मनसुलु’ची तमिळ आवृत्ती ‘प्राप्तम’ आली. तिची निर्मिती आणि दिग्दर्शन दोन्ही सावित्रीचेच होते, नायक शिवाजी गणेशन होता. चित्रपट चालला नाही.

उताराचे एकच कारण सांगणे सोपे असते आणि बहुधा दारूचे नाव पुढे केले जाते. व्यसन होतेच. त्याबरोबर निर्मितीत अडकलेला पैसा बुडाला, आयकराचे प्रकरण मागे लागून मालमत्तेवर टाच आली, आणि संसार मोडला. त्यातच नायिकांची पिढी बदलली. तिशी ओलांडलेल्या नायकांना नायकच ठेवणारा चित्रपटव्यवसाय त्याच वयाच्या नायिकेला आईच्या भूमिकांकडे ढकलतो, ही गोष्ट तिच्याही वाट्याला आली. मे १९८० मध्ये ती बेशुद्धावस्थेत गेली आणि सुमारे १९ महिन्यांनी, २६ डिसेंबर १९८१ रोजी तिचे निधन झाले.

१२. तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता का?

‘चिवरकु मिगिलेदि’ (१९६०) या चित्रपटातील परिचारिकेच्या भूमिकेबद्दल तिला ‘राष्ट्रपती पुरस्कार’ मिळाला, असे अनेक ठिकाणी लिहिलेले आढळते. त्याचा अर्थ आजच्या ‘सर्वोत्कृष्ट अभिनेत्री’च्या राष्ट्रीय पुरस्कारासारखा घेऊ नये. अभिनयासाठीचे राष्ट्रीय पुरस्कार १९६७ सालच्या चित्रपटांपासून सुरू झाले आणि अभिनेत्रीचा पहिला पुरस्कार नर्गिसला मिळाला. गंमत अशी की सावित्रीची भूमिका करणाऱ्या कीर्ती सुरेशला हा पुरस्कार मिळाला (पाहा प्रश्न १४). टपाल खात्याने २०११ मध्ये सहा अभिनेत्रींवर तिकिटे काढली, त्यांत देविका राणी, कानन देवी, मीनाकुमारी, नूतन आणि लीला नायडू यांच्याबरोबर सावित्रीही आहे.

१३. तिचे जन्मसाल आणि आडनाव ठिकठिकाणी वेगळे का दिसते?

जन्मतारीख बहुतेक ठिकाणी ६ डिसेंबर अशीच दिली जाते. साल मात्र १९३४ पासून १९३७ पर्यंत कोणतेही छापलेले दिसते, आणि म्हणून मृत्यूसमयीचे वयही बदलते. आडनावाचा उलगडा सोपा आहे : वडिलांचे घराणे निश्शंकर, काकांचे कोम्मारेड्डी आणि विवाहानंतर गणेश. चित्रपटांच्या श्रेयनामावलीत ती नुसतीच सावित्री असते.

१४. ‘महानटी’ चित्रपटातले सगळे खरे मानावे का?

नाग अश्विन यांच्या या चित्रपटाची मांडणी खऱ्या जीवनक्रमावर आधारलेली आहे. ‘संसारम’मधली फजिती, जेमिनी गणेशनशी विवाह, दिग्दर्शनातला तोटा या घटना घडलेल्या आहेत. तिची कहाणी शोधत फिरणारी पत्रकार मधुरवाणी आणि तिचा छायाचित्रकार मित्र ही पात्रे मात्र काल्पनिक आहेत. जेमिनी गणेशनच्या चित्रणावर त्याच्या एका कन्येने जाहीर आक्षेप घेतला होता, हेही लक्षात ठेवावे. कीर्ती सुरेशचे काम नकलेच्या पलीकडचे आहे. तरीही चरित्रपट आधी पाहिला, तर सावित्रीच्या प्रत्येक मूळ चित्रपटावर शेवटच्या दिवसांची सावली पडते. ‘मिस्सम्मा’ पाहताना तरी ती पडू नये, म्हणून मूळ चित्रपट आधी पाहावेत, असे आम्ही सुचवतो.

१५. सुरुवात कोणत्या चित्रपटाने करावी, आणि ‘मायाबझार’ रंगीत पाहावा की कृष्णधवल?

भाषा येत नसेल तर ‘मायाबझार’पासून सुरुवात करावी, कारण कथा आधीच ठाऊक असल्याने उपशीर्षकांवर फार विसंबावे लागत नाही. त्यानंतर ‘मिस्सम्मा’ आणि ‘गुंडम्मा कथा’ (१९६२) हे हलकेफुलके चित्रपट पाहून मग ‘पासमलर’कडे जावे. ‘देवदासु’ सगळ्यांत शेवटी पाहिला तरी चालेल.

‘मायाबझार’ची रंगवलेली आवृत्ती २०१० मध्ये प्रदर्शित झाली आणि तिच्यामुळे नवे प्रेक्षक आले, हे मान्य केले पाहिजे. तरी पहिल्यांदा कृष्णधवल आवृत्तीच पाहावी. छायालेखक मार्कस बार्टली यांनी ‘लाहिरि लाहिरि’ या नौकाविहाराच्या गाण्यात चांदण्याचा जो आभास निर्माण केला, तो राखाडीच्या बारीक छटांवर उभा आहे, आणि रंग भरताना नेमक्या त्याच छटा झाकल्या जातात.